कोलाला इंग्रजी कळत नाही

एम.ए.च्या दुसऱ्या वर्षी नायजेरियन लेखक चिनुआ अचेबेच्या 'थिंग्ज फॉल अपार्ट' या कादंबरीवर (१९५८) मी वर्गात निबंध वाचला. त्यातलं ते सगळीकडे उद्धृत होणारं वाक्य मी थाटात मराठीत सांगितलं: इग्बो लोकांत (अचेबे याच नायजेरियन समाजातला) बोलण्याच्या कलेला फार मान, आणि म्हणी म्हणजे शब्द ज्याला लावून खायचे ते पामतेल. वर्ग हसला. आमच्या सांगलीकडे पामतेल म्हणजे रेशनवर मिळायचं ते, गोडंतेल परवडत नाही म्हणून चकल्यांना वापरायचं. म्हणजे मी सांगितलं असं की इग्बो लोक म्हणी नाइलाजाने वापरतात.

खरं इग्बो घरातलं पामतेल लालभडक, दाट, वासाचं असतं. भाजलेला याम नावाचा कंद त्यात बुडवून खातात. आपल्याकडे भाकरी-चटणीवर कच्च्या तेलाची धार पडते ना, त्याच जातीचं सुख. हे कळायला मला दीड वर्ष लागलं, आणि तेही एका पाककृतीच्या व्हिडिओवरून. यामचंही तेच. कुणी रताळं म्हणतं, कुणी सुरण. जवळचं आहे ते कोनफळ. कादंबरीत याम हे पुरुषांचं पीक, पिकांचा राजा. अळकुडीच्या जातीचा कोकोयाम बायकांचा. कादंबरीचा नायक ओकोंक्वो; त्याचा बाप उधार-उसनवार करत मेला, घरात बायकांची पिकं होती, आणि पोराला बियाण्याचा याम दुसऱ्याकडून मागून आणावा लागला. इथे 'रताळं' लिहिलं की ओकोंक्वोचा सगळा अहंकारच बेचव होतो. नायजेरियन साहित्याच्या अभ्यासाला नव्याने लागणाऱ्यांना माझं पहिलं सांगणं म्हणून सिद्धान्ताबद्दल नाही, स्वयंपाकघराबद्दल आहे. फॅनन, भाभा, स्पिवाक हे वसाहतवादावरचे सिद्धान्तकार नंतर वाचा. आधी याम कसा लावतात, ताडाची माडी कशी काढतात, कोला कोण फोडतं, हे बघून घ्या.

कोलाचं तर मुद्दाम सांगायला हवं. पाहुणा आला की आपल्याकडे पूर्वी पानसुपारीचं तबक पुढे व्हायचं, तसं इग्बो घरात कोलाचं बी पुढे येतं. ते फोडण्याआधी पूर्वजांना उद्देशून बोलायचं असतं, आणि ते इग्बोतूनच. कोलाला इंग्रजी कळत नाही, असं ते लोक हसत हसत म्हणतात. इंग्रजीत पीएच.डी. झालेला प्राध्यापकही तिथे इग्बोत शिरतो. नायजेरियन साहित्याच्या अभ्यासातला सगळ्यात मोठा वाद या एका गमतीत मावतो.

तो वाद असा. १९६२ साली कंपालाच्या मकेरेरे कॉलेजात इंग्रजीतून लिहिणाऱ्या आफ्रिकन लेखकांची परिषद भरली. दुसऱ्या वर्षी ओबी वाली या नायजेरियन समीक्षकाने 'ट्रान्झिशन' मासिकात लेख लिहून विचारलं की युरोपच्या भाषांत लिहिलेलं हे साहित्य आफ्रिकन कसं? हा रस्ता पुढे बंद आहे, असं त्याचं म्हणणं. (लेख अर्थात इंग्रजीतच होता.) अचेबेचं उत्तर असं, की इंग्रजी मला मिळालेली आहे आणि मी ती वापरणार, पण ती माझ्या अनुभवाचं ओझं वाहील अशी वाकवून. नेमाड्यांच्या देशीवादावर (साहित्य आपल्याच भाषेतून, आपल्याच मातीतून यावं या मतावर) रात्री जागवलेल्या मराठी विद्यार्थ्याला हा वाद पहिल्या वाचनात ओळखीचा वाटतो. पण थांबा. आपल्याकडे मराठीत लिहिणारा लेखक हा नेहमीचा आहे, इंग्रजीत लिहिणारा अपवाद. नायजेरियात ५००हून अधिक भाषा आहेत, आणि इग्बोत गंभीर कादंबरी लिहिली तर ती योरुबा ही दुसरी मोठी भाषा बोलणाऱ्या शेजाऱ्याला वाचता येत नाही. त्यामुळे 'हे तर आपलंच' म्हणून देशीवादाची फूटपट्टी तिकडे लावू नका. मी लावली होती, एका अख्ख्या प्रकरणभर. मार्गदर्शकांनी ते प्रकरण परत दिलं तेव्हा समासात फक्त प्रश्नचिन्ह होतं.

याच वादाचा भांडकुदळ अवतार म्हणजे नायजेरियन समीक्षक चिन्वेझू आणि त्यांचे दोन सहलेखक. त्यांनी १९८० साली आफ्रिकन साहित्य वसाहतमुक्त करण्यावर पुस्तक लिहिलं आणि स्वतःला 'बोलेकाजा' समीक्षक म्हणवून घेतलं. बोलेकाजा हा योरुबा शब्द, 'उतर खाली, भांडू या' अशा अर्थाचा. पश्चिम नायजेरियात खच्चून माणसं भरणाऱ्या लॉऱ्यांना हे नाव पडलं होतं. आमच्याकडची वडापची जीप आणि तिच्या मागे लटकलेला, 'चला चला एकच सीट' ओरडणारा पोऱ्या डोळ्यापुढे आणा. चिन्वेझू मंडळींची तक्रार होती की नाटककार-कवी वोले शोयिंकासारख्यांची कविता दुर्बोध आणि युरोपाळलेली आहे. शोयिंकानेही त्यांना सोडलं नाही. यांना आफ्रिका म्हणजे टारझनचं जंगल वाटतं, असा टोला हाणला. दोन्ही बाजू वाचाच. मला चिन्वेझूंचा राग पटतो, कवितेची समज पटत नाही.

आता भाषेबद्दल, कारण बहुतेक जण इथेच अंग चोरतात. 'साहित्य तर इंग्रजीत आहे, योरुबा कशाला शिकू?' असं मीही म्हणायचे. मग पुण्यात फार्मसी शिकणारा, नायजेरियातल्या इबादान या योरुबा शहराचा एक मुलगा भेटला. त्याला घरमालकाशी बोलायला मराठी हवी होती, मला योरुबा. फी कुणीच कुणाला द्यायची नाही असं ठरलं. पहिल्याच दिवशी त्याने कागदावर 'ऑकॉ' या उच्चाराचे चार शब्द लिहिले. एक नवरा, एक कुदळ, एक गाडी, एक भाला. व्यंजनं तीच, स्वर तेच, फरक फक्त पट्टीचा: वरची, मधली, खालची. मी 'माझा नवरा' म्हणायला गेले आणि माझी कुदळ झाली. इग्बोतही 'अक्वा' म्हटलं तर रडणं, कापड, अंडं, पलंग, काहीही होऊ शकतं.

माझं आजोळ मिरजेचं, सतारमेकरांच्या गल्लीपासून हाकेच्या अंतरावर. तिथे लहानपणी ऐकलेली एक गोष्ट इथे कामी आली: सा कुठे लावायचा ते गाणाऱ्यावर असतं, मग बाकीचे सूर त्याच्या हिशेबाने. योरुबातल्या पट्ट्याही तशाच सापेक्ष. बारक्या आवाजाची पोरगी आणि घोगरा म्हातारा, दोघांची 'वरची' वेगळी, पण आपापल्या 'मधली'च्या वरच. हे एकदा कानात बसलं की 'बोलका ढोल' म्हणजे काय तेही कळतं. दुनदुन हा डमरूच्या आकाराचा ढोल; काखेत धरून चामड्याच्या दोऱ्या दाबल्या की आवाज चढतो-उतरतो. तबल्याचे बोल तालाचे असतात. दुनदुनवर खरोखरची वाक्यं वाजतात, म्हणी वाजतात, राजाची बिरुदं वाजतात. 'ओरिकी' नावाच्या या बिरुदावल्यांवर कॅरिन बार्बरचं १९९१चं पुस्तक आहे, ओकुकू गावातल्या बायकांबरोबर बसून केलेलं. तोंडी साहित्याचा अभ्यास कसा करावा हे मला कुठल्याही पद्धतिशास्त्राच्या पेपरपेक्षा त्यातून जास्त कळलं.

आणि एक गोष्ट मराठी माणसाला फुकटात मिळते. योरुबात मोठ्यांना आदरार्थी बहुवचन लागतं, आपल्या 'तुम्ही'सारखं. इंग्रजीत ते पुसलं जातं. शोयिंकाची नाटकं वाचताना कोण कुणाला 'तू' म्हणत असेल असं मी समासात लिहीत जाते; प्रवेश एकदम उघडतात. (त्याच्या आडनावातल्या पहिल्या S खाली टिंब आहे, म्हणून उच्चार 'श'. आपली वर्तमानपत्रं सोयिंका छापतात.)

माझी सगळ्यात महागात पडलेली चूक याच शोयिंकापायी. 'डेथ अँड द किंग्ज हॉर्समन' (१९७५). ओयो या योरुबा नगरीचा राजा वारलाय, त्याच्या अश्वपालाने, एलेसीनने, प्रथेप्रमाणे त्याच्यामागे जायचं आहे. इंग्रज जिल्हाधिकारी पिल्किंग्ज त्याला अटक करून 'वाचवतो'. इंग्लंडहून डॉक्टरकी शिकता शिकता परतलेला मुलगा ओलुंडे बापाच्या जागी मरतो. १९४६ साली ओयोत घडलेल्या घटनेवर बेतलेलं. मी निबंधाचा मथळा दिला 'दोन संस्कृतींचा संघर्ष', आणि वर सतीच्या प्रथेशी तुलना. बाहेरून आलेल्या परीक्षकांनी एकच विचारलं, "नाटकाच्या सुरुवातीची लेखकाची टीप वाचलीत?" नव्हती वाचली. त्या टिपेत शोयिंकाने हाच मथळा देऊ नका असं बजावलं आहे. वसाहतीचा प्रसंग इथे केवळ निमित्त आहे, असं तो म्हणतो.

त्यानंतर नाटक पुन्हा वाचलं. पिल्किंग्ज यायच्या कितीतरी आधी एलेसीन बाजारात रेंगाळतो आहे. चांगली वस्त्रं मागतो, मग एक तरुण मुलगी बायको म्हणून मागतो, आणि ती आधीच कुणाला तरी दिलेली असते. बाजाराची नायिका इयालोजा त्याला ती देते, पण इशारा देऊन. शेवटी कोठडीत एलेसीन नव्या बायकोला सांगतो की आधी मी गोऱ्याला दोष दिला, मग देवांना, आता तुला द्यावासा वाटतोय. दोषाचा धागा कुठे जातो ते बघायचं सोडून मी सतीकडे गेले होते. भारतीय वाचकाला सती आठवणारच. आठवू द्या, पण निबंधात ती पाहुणी आहे, यजमान नाही.

वाचायचा क्रम विचारणाऱ्यांना मी अचेबेपासून सुरुवात करू नका म्हणते. आमोस तुतुओला या योरुबा कथाकारापासून करा. 'द पाम-वाइन ड्रिंकार्ड' १९५२ साली लंडनच्या फेबरने छापली, डिलन थॉमसने तिची तोंडभरून स्तुती केली, आणि शिकलेल्या नायजेरियनांना लाज वाटली: हे असलं मोडकंतोडकं इंग्रजी म्हणजे आम्ही? तिच्यामागे फागुन्वाची १९३८ची योरुबा कादंबरी उभी आहे, जिचं इंग्रजी भाषांतर पुढे शोयिंकाने केलं. मग अचेबे. मग फ्लोरा न्वापाची 'एफुरू' (१९६६), आणि लगेच बुची एमेचेटाची 'द जॉइज ऑफ मदरहुड' (१९७९), कारण दुसरीचं नाव पहिलीच्या शेवटच्या ओळींतून आलं आहे. मूल नसलेल्या देवीबद्दलच्या त्या ओळी वाचून दुसरं पुस्तक उघडलं की नावातला उपरोध बोचतो. केन सारो-विवाची 'सोझाबॉय' (१९८५) मोठ्याने वाचा. लेखकाने स्वतःच तिला 'कुजक्या इंग्रजी'तली कादंबरी म्हटलंय, आणि मनात वाचून ती कळत नाही. पिजिनचा (तिथल्या इंग्रजीवर बेतलेल्या बोलभाषेचा) कान तयार व्हायला बीबीसीची पिजिन सेवा बरी पडते. चिमामांडा अदिची या आजच्या कादंबरीकारापर्यंत तुम्ही आपोआप पोचाल, तिची शिफारस करावी लागत नाही.

छोट्या पण त्रास देणाऱ्या गोष्टी. अचेबेने 'ॲरो ऑफ गॉड' १९७४ साली सुधारून पुन्हा काढली, त्यामुळे कुठल्या आवृत्तीतून उतारा घेतला ते लिहा. माझी मैत्रीण आणि मी एकाच प्रसंगावर आठवडाभर भांडलो, पुस्तकं निराळी निघाली. योरुबा-इग्बो नावांवरची टिंबं आणि स्वरचिन्हं टंकायला पहिल्याच महिन्यात शिका, शेवटी घालू म्हटलं की २००हून अधिक पानं पुन्हा चाळावी लागतात. पुस्तकांसाठी मुंबई विद्यापीठाच्या आफ्रिकन अभ्यास केंद्रात एकदा जाऊन या. लंडनच्या प्रकाशकांनी निवडलेल्या नायजेरियावर थांबू नका. अबुजाची कसावा रिपब्लिक, लेगॉसची फाराफिना या प्रकाशनांच्या याद्या बघा.

विषय सुचत नाही म्हणणाऱ्यांना एक आयता देते. उत्तर नायजेरियात, कानोमध्ये, बायका हौसा भाषेत स्वस्त प्रेमकथा लिहितात, बाजारात विकल्या जाणाऱ्या. तिथले लोक हिंदी सिनेमाचे वेडे. ब्रायन लार्किनने १९९७ साली त्यावर लेख लिहिला, की जबरदस्तीची लग्नं, घरची अब्रू, प्रेम, हे सगळं मांडायला त्यांना आपले सिनेमे उपयोगी पडले. बलाराबा रमत याकुबूची यातली एक कादंबरी इंग्रजीत आली २०१२ साली, आणि छापली कुणी? चेन्नईच्या ब्लाफ्टने. लंडनला वळसा घालून कानोहून थेट चेन्नई. हिंदी सिनेमा आणि मराठी बाजारू कादंबरी दोन्ही जिच्या अंगात मुरली आहे अशी विद्यार्थिनी इथे जे बघेल ते इबादानच्या अभ्यासकालाही सहज दिसणार नाही.

नोकरीचं विचाराल तर सरळ सांगते. 'नायजेरियन साहित्य' नावाची जागा महाराष्ट्रात निघत नाही. जागा इंग्रजी विभागात, नेट-सेट देऊन, आणि मुलाखतीत विचारतात शेक्सपिअर आणि भाषाशास्त्र. मी चार वर्षं तासिका तत्त्वावर काढली. भाषाशास्त्राच्या प्रश्नांना मात्र स्वरपट्ट्यांचा अभ्यास फार कामाला आला, कारण माझ्याआधीचे सगळे उमेदवार चिनी भाषेचं उदाहरण देत होते.

इबादानचा तो मुलगा आता लेगॉसला असतो. परवा फोनवर मी त्याला 'नवरा बाहेर गेलाय' असं योरुबात सांगितलं. तो थोडा वेळ गप्प राहिला आणि मराठीत म्हणाला, "ताई, कुदळ बाहेर गेली?"