बारावीची टक्केवारी नको, ग्रुपचे मार्क मोजा

मी ज्युनिअर कॉलेजात फिजिक्स शिकवते. "मॅडम, अठ्ठावन्न टक्के आहेत, इंजिनिअरिंगला चालतील ना?" असं कोणी विचारलं की मी आधी गुणपत्रिका मागते. त्या अठ्ठावन्नमध्ये भाषांचे मार्क मिसळलेले असतात आणि इंजिनिअरिंगची पात्रता मोजतात फक्त तीन विषयांच्या ग्रुपवर.

फिजिक्स आणि मॅथ्स सक्तीचे. तिसरा विषय केमिस्ट्री, बायोलॉजी किंवा नियमात दिलेला दुसरा एखादा. बेरीज ३०० पैकी करा. ओपनला ४५ टक्के, म्हणजे १३५ हवेत. महाराष्ट्रातल्या मागासवर्गीय, ईडब्ल्यूएस (आर्थिकदृष्ट्या दुर्बल) आणि दिव्यांग उमेदवारांना ४० टक्के, म्हणजे १२०. आता तिन्ही विषयांत काठावर सुटलेल्याचं बघा: पस्तीस त्रिक १०५. बारावी पास, पण प्रवेशाला अपात्र! सीईटी या राज्याच्या प्रवेश परीक्षेत पर्सेंटाइल कितीही चांगलं असलं तरी ही कमतरता भरून निघत नाही. म्हणून हे आकडे मी वर्ष सुरू होतानाच फळ्यावर लिहिते.

तिसऱ्या विषयाकडे नीट लक्ष द्या. समजा, फिजिक्स ४१, मॅथ्स ३६, केमिस्ट्री ४५. बेरीज १२२, ओपनसाठी कमी. त्याच मुलीला बायोलॉजीत ६२ असतील तर बेरीज होते १३९ आणि ती पात्र ठरते. केमिस्ट्रीचा आकडा बघूनच आशा सोडणारी मुलं पाहिली की जीव तुटतो.

एमबीबीएसचं गणित निराळं. फिजिक्स, केमिस्ट्री, बायोलॉजी मिळून ओपनला ५० टक्के, एससी, एसटी, ओबीसींना ४०. ईडब्ल्यूएसला इंजिनिअरिंगमध्ये मिळणारी सवलत इथे नाही, त्यांनाही ५०च लागतात. इंग्रजीत पास व्हावं लागतं आणि नीट (NEET) या मेडिकलच्या प्रवेश परीक्षेची पात्रता वेगळी मिळवावी लागते.

एनआयटीत, म्हणजे केंद्राच्या इंजिनिअरिंग संस्थांत, जेईई या प्रवेश परीक्षेवरून जायचं असेल तर मात्र बारावीचे एकूण टक्के बघतात: ७५, एससी-एसटींना ६५, किंवा आपल्या बोर्डात वरच्या २० पर्सेंटाइलमध्ये असावं लागतं. पाच वर्षांच्या लॉलाही एकूणच टक्केवारी धरतात. शाखा कोणतीही चालते. ओपनला ४५, ओबीसींना ४२, एससी-एसटींना ४०. ४४.८ म्हणजे ४५च, असं घरच्या घरी ठरवू नका. त्या वर्षीच्या माहितीपुस्तिकेत पात्रतेचा नियम शब्दन् शब्द वाचा.

सवलतीच्या आकड्यावर विसंबून असाल तर कागद आधी हातात हवेत. जातवैधता (जातीचा दाखला तपासून मिळणारं प्रमाणपत्र) किंवा ओबीसींचं नॉन-क्रीमीलेअर (क्रीमीलेअरमध्ये, म्हणजे संपन्न गटात, नसल्याचं प्रमाणपत्र) मुदतीत दिलं नाही, तर उमेदवार ओपनमध्ये धरला जातो. मग १२५ मार्कांवर पात्र असलेला मुलगा एका दिवसात अपात्र होतो. हे काम निकालाची वाट बघत ठेवू नका, दाखल्यांना वेळ लागतो.

बेरीज खरंच कमी पडली तर दोन वाटा मला पटतात. पहिली पुन्हा परीक्षा देण्याची: नापास झालेल्यांसाठी पुरवणी परीक्षा आहेच. पास झालेल्यांना श्रेणीसुधारसाठी, म्हणजे मार्क वाढवण्यासाठी, पुन्हा बसता येतं. दुसरी वाट पॉलिटेक्निकची. तिथे दहावीचे ३५ टक्के पुरतात, आणि डिप्लोमाला ४५ टक्के, राखीव प्रवर्गात ४०, मिळाले की इंजिनिअरिंगच्या थेट दुसऱ्या वर्षाला अर्ज करता येतो.