पोल व्हॉल्टमध्ये मुलीला घडवताना: आधी वेग, मग पकड, मग पोल

पोल व्हॉल्टमध्ये उंची येते कुठून, हा हिशोब आधी करून घ्या. सेकंदाला 7 मीटर वेगाने आलेल्या खेळाडूची सगळी धाव उंचीत बदलली, तर शरीराचा गुरुत्वमध्य सुमारे 2.50 मीटर वर चढतो. वेग 8 मीटर असेल तर 3.26 मीटर. टेक-ऑफच्या क्षणी गुरुत्वमध्य मुळातच जमिनीपासून मीटरभर वर असतो, तो यात मिळवा. खांदे आणि पोटाच्या ताकदीची भर त्यावर पडते, पण सेकंदाला एक मीटर वेग वाढला की पाऊण मीटर उंची पदरात पडते, हे कुठल्याच दुसऱ्या व्यायामाने होत नाही. तरीही बहुतेक मुलींची प्रगती अडते ती पोल मोठा आणि पकड (पोलच्या खालच्या टोकापासून वरच्या हातापर्यंतचं अंतर) वर गेली, पण धाव तिथेच राहिली म्हणून.

सुरुवात 11 ते 14 या वयात झाली तर उत्तम, पण उशिरा आलेल्या मुलीला परत पाठवू नका. महिलांचा पोल व्हॉल्ट ऑलिम्पिकमध्ये आला तोच 2000 साली, सिडनीत. तिथे 4.60 मीटरवर सुवर्ण जिंकणारी स्टेसी ड्रॅगिला हेप्टॅथलॉनमधून, म्हणजे सात प्रकारांच्या स्पर्धेतून आली होती. येलेना इसिनबायेवाने 15व्या वर्षी जिम्नॅस्टिक्स सोडलं आणि 2009 मध्ये झुरिकला 5.06 मीटरचा विश्वविक्रम केला. जेन सूर बास्केटबॉल खेळायची. 2004 मध्ये पोल हातात घेतला आणि 2012 मध्ये ऑलिम्पिक सुवर्ण मिळवलं. नवी मुलगी पारखताना तीनच गोष्टी बघा: 30 मीटरची धाव, बारला लटकून गुडघे छातीशी आणता येतात का, आणि डोकं खाली-पाय वर झाल्यावर ती गोंधळते का. यातली धाव सगळ्यात महत्त्वाची.

पहिले काही महिने

वाळूच्या खड्ड्यावर, न वाकणाऱ्या छोट्या पोलवर शिकवा. पोल उभा टेकवून वरचा हात पूर्ण ताणायचा आणि हात पोचेल तिथून एक वीत वर पहिली पकड. उजव्या हाताच्या मुलीचा उजवा हात वर, टेक-ऑफ डाव्या पायावर. दोन हातांत खांद्यांच्या रुंदीएवढं किंवा किंचित जास्त अंतर. आधी चालत, मग चार पावलांवर, मग सहा. पोल वाकवायची घाई नको. सरळ पोल उभा होऊन पुढे जातो आणि त्याला लटकून आपणही जातो, हे अंगात मुरल्याशिवाय वाकणारा पोल दिला, तर मुलगी डाव्या हाताने ढकलून तो वाकवायला शिकते. ही खोड पुढे वर्षानुवर्षं सुटत नाही.

रोवणीची, म्हणजे धावपट्टीच्या टोकाच्या खड्ड्यात (बॉक्समध्ये) पोल टेकवण्याची लय शेवटच्या तीन पावलांत बसवा. शेवटून तिसऱ्या, म्हणजे डाव्या पावलाला वरचा हात कमरेपासून निघतो, पुढच्या उजव्या पावलाला कानाजवळून वर जातो आणि टेक-ऑफच्या डाव्या पावलाला डोक्यावर पूर्ण ताणलेला असतो. हात उशिरा वर गेला की पोलचा धक्का वाकलेल्या कोपरात बसतो आणि धाव तिथेच मरते.

टेक-ऑफची जागा

टेक-ऑफच्या पायाची बोटं वरच्या हाताच्या बरोबर खाली हवीत. बाजूने व्हिडिओ काढा, चित्र थांबवा आणि मुठीपासून खाली सरळ रेघ ओढून बघा. पाय रेघेच्या पुढे, बॉक्सच्या दिशेने पडला तर पोल खांदे मागे खेचतो आणि कंबर उलटी वाकते. कंबरेच्या मणक्यातली ताणभंगाची (सततच्या ताणाने हाडाला भेग पडण्याची) दुखणी बऱ्याचदा इथूनच सुरू होतात. कारण सहसा शेवटचं पाऊल लांब टाकण्यात असतं. सुरुवातीची खूण (जिथून धाव सुरू होते ती) चुकीची असणं हे दुसरं कारण. कुठलं ते ओळखण्यासाठी टेक-ऑफच्या सहा पावलं आधी मधली खूण करा. मधली खूण बरोबर लागून शेवट चुकत असेल तर दोष शेवटच्या पावलांचा. मधलीच चुकत असेल तर सुरुवातीची खूण हलवा. मोजमापाचा शून्य बॉक्सच्या मागच्या भिंतीच्या वरच्या कडेवर धरा आणि प्रत्येक आकडा वहीत लिहा. वाढीच्या वयात उंची झपाट्याने वाढते, पावलांची लांबी बदलते आणि गेल्या महिन्याची खूण या महिन्यात उपयोगी पडत नाही.

धाव 6 पावलांवरून 8, 10, 12 अशी वाढवा. जागतिक दर्जाच्या महिला साधारण 14 ते 16 पावलं धावतात. जास्त पावलांनी टेक-ऑफचा वेग वाढत नसेल, तर ती पावलं फक्त दमवतात.

पोलची शिडी

पोलवर लांबी आणि वजनाचा (पोलच्या नव्हे, तो पेलेल त्या खेळाडूच्या) आकडा असतो. मुलीच्या वजनापेक्षा कमी आकड्याचा पोल तिच्या हातात देऊ नका. तो मोडू शकतो. फ्लेक्सचा (पोल किती वाकतो त्याचा) आकडा जितका कमी, तितका पोल कडक. त्याच पोलवर पकड वर नेली की तो मऊ लागतो, खाली आणली की कडक. पकडीतला सुमारे 15 सेंटिमीटरचा फरक साधारण 4.5 किलोच्या फरकासारखा वागतो. म्हणून तीन-चार पोल एकाच लांबीचे, थोड्या थोड्या वजनाच्या टप्प्यांचे असावेत. नवे घेण्याआधी क्लबमधले वापरून बघा, कारण वाढत्या मुलीचा पोल एका हंगामात लहान होतो.

पोल उभा न होता थांबला आणि मुलगी रनवेकडे परत पडली, तर पकड जास्त, पोल कडक किंवा धाव मंद. पहिला उपाय म्हणजे पकड 10 सेंटिमीटर खाली. पोल त्यानंतर बदला. याउलट ती पार करायच्या आडव्या बारच्या उंचीला चढण्याआधीच गादीच्या मागच्या टोकाकडे जात असेल, तर पोल मऊ पडतोय. आधी स्टँडर्ड (बार धरणारे खांब) मागे न्या (नियमाप्रमाणे 80 सेंटिमीटरपर्यंत), मग कडक पोल घ्या. सलग तीन उड्या गादीच्या मधोमध पडल्या की पकड 5 सेंटिमीटर वाढवा. एका वेळी त्याहून जास्त वाढवू नका.

तंत्र सुधारतंय की नुसती पकड वाढतेय, हे तपासायला एक सोपं गणित आहे. बॉक्स 20 सेंटिमीटर खोल असतो, म्हणून पकडीतून 20 वजा करा आणि पार केलेल्या उंचीशी तुलना करा. पकड 3.50 आणि उंची 3.60 असेल तर मुलगी हाताच्या 30 सेंटिमीटर वर गेली. जागतिक पातळीवर हा आकडा 60 च्या पुढे असतो. पकड वाढत जाते आणि हा आकडा घटत जातो, तेव्हा पकड खाली घ्या, मुलगी कितीही नाराज झाली तरी.

पोलला स्पाइक्सची (बुटाच्या खिळ्यांची) चीर पडली असेल तर तो बाजूला काढा. काचतंतूची चीर पुढे फुटतेच. पोल वापरात नसताना जमिनीवर पडलेला नको आणि टोकाचं रबर झिजलं की बदला.

शरीर

आठवड्यात लांब धावेच्या उड्यांचा एक दिवस आणि छोट्या धावेचा एक दिवस पुरतो. बाकी दिवस स्प्रिंट, वजनं आणि बारवरचं जिम्नॅस्टिक्स. वयात येताना वजन वाढतं, त्याबरोबर पोलचा आकडाही वाढतो. हे बिघाड मानून उपाशी ठेवण्याचा सल्ला देणाऱ्याला मैदानाबाहेर ठेवा. पुरेसं न खाता सराव चालू राहिला तर पाळी थांबते, हाडं ठिसूळ होतात आणि पायाच्या नडगीत किंवा पाठीत भेगा पडतात. सलग तीन महिने पाळी आली नाही तर डॉक्टरांना दाखवा. कंबर मागे वाकवताना एका बाजूला दुखत असेल तर दोन आठवडे वाट न बघता तपासणी करा.

स्पर्धेत

तीनपेक्षा जास्त खेळाडू उरलेल्या असतात तोवर प्रत्येक उडीला एक मिनिट मिळतो. स्टँडर्डचा आकडा अधिकाऱ्यांना आधीच सांगायचा. मागून वारा असेल तर पावलं लांब पडतात, सुरुवातीची खूण थोडी मागे न्या. समोरून असेल तर पुढे आणा आणि पकड कमी करा. सुरुवातीची उंची अशी निवडा की ती सरावात दहापैकी नऊ वेळा जाते. बरोबरी झाली तर आधी शेवटच्या पार केलेल्या उंचीवरचे फाऊल (फसलेले प्रयत्न) मोजतात, मग एकूण. रिओ ऑलिम्पिक 2016 मध्ये ग्रीसची स्टेफानिदी आणि अमेरिकेची मॉरिस दोघींची 4.85 मीटर होती. सुवर्ण फाऊलच्या हिशोबाने ठरलं. पास घेताना (म्हणजे उडी न मारता पुढच्या उंचीवर जाताना) हे लक्षात ठेवा, पण तिसरा प्रयत्न शिल्लक असताना पास घेतला तर पुढच्या उंचीवर एकच संधी राहते. बुडापेस्टच्या 2023 च्या जागतिक स्पर्धेत मात्र अमेरिकेची मून आणि ऑस्ट्रेलियाची केनेडी 4.90 वर बरोबरीत राहिल्या आणि बरोबरी तोडायची जादा उडी न मारता दोघींनी सुवर्ण वाटून घेतलं. नियम त्याला परवानगी देतो.

पोल टाकल्यावर तो बारला लागू नये म्हणून ढकलून मागे सोडायला सरावातच शिकवा. पोल मोडला तर तो प्रयत्न फाऊल धरत नाहीत, तेव्हा घाबरून बॉक्समधून पळू नये. प्रवासात चार मीटरचा पोल हीच खरी डोकेदुखी. विमान कंपनीकडून लांबी, वजन आणि पोल भरलेल्या नळ्यांची संख्या लिहून मंजूर करून घ्या, तो कागद जवळ ठेवा आणि मधल्या प्रत्येक विमानासाठी वेगळं विचारा, कारण छोट्या विमानाच्या दारातून नळी वळत नाही. पोहोचल्यावर पोल मिळाले नाहीत, तर आयोजकांकडे कोणत्या लांबीचे आणि वजनाचे पोल आहेत, ही यादी निघायच्या आधीच मागवून ठेवलेली असावी.