सही घेतली म्हणजे परवानगी मिळाली असं नाही

इंदूरात सध्या बरेच जण मोबाईलवर डॉक्युमेंट्री करतायत, कुणी घरातल्या आजीवर, कुणी मिलच्या कामगारांवर. हुकुमचंद मिल १९९१ ला बंद पडली आणि कामगारांच्या हाती थकलेले पैसे यायला २०२३ चा डिसेंबर उजाडला, म्हणजे विषय तर दारातच आहे. पण ज्याच्यावर फिल्म करायची त्याच्याशी वागायचं कसं हे आधी बघा.

पहिले दोन-तीन दिवस कॅमेरा बॅगेतून काढूच नका. सोबत पोहे खा, चहा घ्या, फिल्म कशावर आहे, कुठे दाखवणार, पैसे मिळणार की नाही, सगळं सांगा. यूट्यूबवर एकदा गेलं की परत आणता येत नाही हे तर नक्कीच सांगा, म्हाताऱ्या माणसांना वाटतं दहा-बारा लोकं बघतील. रिलीज फॉर्म, म्हणजे शूट केलेलं फिल्ममध्ये वापरायला संमती देणारा सहीचा कागद, मराठीत नाहीतर हिंदीत करा, आणि वाचून दाखवा.

मी एका मिलमधल्या काकांची सही पहिल्याच दिवशी घेतली होती. आठवड्याने ते मुलीच्या लग्नाच्या कर्जाबद्दल बोलता बोलता रडले, मी कॅमेरा चालूच ठेवला आणि तो सीन फिल्ममध्ये घेतला, सही होती ना. स्क्रीनिंगला त्यांचे व्याही बसलेले. काका एक शब्द बोलले नाहीत, नंतर माझा फोन उचलणंच बंद केलं.

तेव्हापासून असं काही शूट झालं की त्याच संध्याकाळी विचारतो, काका, हे ठेवू का? आणि रफ कट, म्हणजे फिल्मचं पहिलं कच्चं एडिट, त्यांना आधी एकट्याला दाखवतो, कारण घरच्यांसमोर माणूस नको म्हणत नाही. खाजगी गोष्ट काढा म्हणाले तर काढायची. नेत्याला किंवा साहेबाला मात्र हा हक्क देऊ नका, तिथे उलट दबाव येतो.

‘परत एकदा करून दाखवा’ म्हणायचं असेल तर प्रेक्षकांना तसं कळू द्या. १९२२ च्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ या डॉक्युमेंट्रीत आत उजेड नव्हता म्हणून बर्फाचं घर एका बाजूने उघडं ठेवून शूट केलं होतं, त्यावर अजून वाद होतात.

लैंगिक अत्याचार झालेल्या मुलांचं नाव, चेहरा, शाळा, पत्ता दाखवायला पॉक्सो कायद्यात मनाई आहे, नुसतं ब्लर करून भागत नाही, मागची गल्लीसुद्धा ओळखू येते.

आणि स्कॅन करायला नेलेले जुने फोटो एडिटिंग सुरू व्हायच्या आधी स्वतः जाऊन परत द्या.