परसबागेतील ॲस्परॅगस: पाणी आणि निगा

ॲस्परॅगस ही कोवळ्या कोंबांसाठी लावली जाणारी भाजी. तिचे गड्डे एकदा लावले की तोच वाफा दहा-पंधरा वर्षे कोंब देतो. म्हणून पहिल्या दोन वर्षांत पाण्याची शिस्त पाळावी. या काळात माती वीतभर खोलीपर्यंत ओलसर राहील, अशा बेताने आठवड्यातून एकदा-दोनदा मुळाशी सावकाश पाणी द्यावे. रोज वरवर शिंपडल्याने मुळे खोल जात नाहीत. बोट मातीत दोन पेरे खुपसल्यावर ओल लागली, तर पाणी लांबवावे. पाणी साचल्यास गड्डे कुजतात, त्यामुळे आपल्याकडील पावसाळ्यासाठी उंच गादीवाफा हवाच.

तण हातानेच उपटावे, कारण खुरपे वर येणाऱ्या कोंबांना लागते. पालापाचोळ्याचे आच्छादन आणि वर्षातून एकदा कुजलेले शेणखत पुरते. पहिल्या वर्षी, मोह कितीही झाला तरी, एकही कोंब तोडू नये. पुढे वीतभर वाढलेले, शेंडा घट्ट मिटलेले कोंब जमिनीलगत कापावेत. पेन्सिलीपेक्षा बारीक कोंब येऊ लागताच तोडणी थांबवावी. त्यानंतर वाढणारी पिसासारखी पालवी मुळांत अन्न साठवते, तेव्हा ती पिवळी पडल्याशिवाय छाटू नये. थंडी सौम्य असेल तिथे ती आपोआप वाळत नाही. तिथे हिवाळ्यात पाण्याचा ताण द्यावा, म्हणजे पाणी तोडावे.