गेंड्या भुंग्याचा आहार: या चुका टाळा

गेंड्या भुंगा पाळणाऱ्यांचे सारे लक्ष शिंगवाल्या प्रौढ भुंग्याकडे असते; त्याचे खरे पोषण मात्र त्याआधीच, अळीच्या अवस्थेत होऊन गेलेले असते. प्रौढाला कितीही केळी घातली तरी त्याचा आकार वाढत नाही. भुंगा खुजा निघाला, तर दोष आधी अळीच्या डब्यातल्या खाद्यात शोधावा.

ही अळी कुजलेले शेणखत, पालापाचोळा आणि मऊ पडलेले लाकूड खाते. कोल्हापूरच्या आसपास गोठे भरपूर असल्यामुळे पुष्कळदा ताजे शेणच डब्यात भरले जाते आणि ते तापून, त्यातून अमोनिया सुटून अळ्या मरतात. पूर्ण कुजलेले, मातीसारखा वास येणारे खतच घ्यावे. ते घेताना शेतकऱ्याला दोन गोष्टी अवश्य विचाराव्यात. उसाची मुळे खाणाऱ्या हुमणी या अळीच्या बंदोबस्तासाठी शेणखतात मेटारायझियम ही बुरशी मिसळण्याची पद्धत आपल्याकडे आहे. शेतीला ती उपकारक असली तरी गेंड्या भुंग्याच्या अळीलाही ती मारते. मेलेली अळी कडक होऊन तिच्यावर आधी पांढरी आणि मग हिरवी बुरशी दिसली, तर तो डबा ताबडतोब वेगळा करावा. तसेच जनावरांना नुकतेच आयव्हरमेक्टिनसारखे जंताचे औषध दिले असेल, तर त्यांचे शेण वापरू नये.

वखारीतला ताजा भुसाही चालत नाही. त्यात चीड, देवदार किंवा प्लायवूडचा डिंक मिसळलेला असू शकतो. खाद्य मुठीत दाबल्यावर गोळा व्हावा, पण पाणी ठिबकू नये. पावसाळ्यात इथल्या दमट हवेत वरून पाणी शिंपडण्याआधी ही परीक्षा करावीच. विष्ठेच्या गोळ्या जास्त दिसू लागल्या की खाद्य बदलावे, मात्र थोडे जुने खाद्य नव्यात मिसळावे, कारण पचनाला मदत करणारे जिवाणू त्यातूनच पुढे जातात. अळी पिवळसर होऊन सुरकुतली आणि तिने खाणे सोडले, तर ती आजारी असेलच असे नाही; बहुधा ती कोषात जाण्याच्या तयारीत असते. अशा वेळी डबा उकरल्यास कोषाची पोकळी मोडते.

प्रौढासाठी पिकलेले केळे उत्तम. कलिंगडात पाणीच फार, आणि गुळाचे पाणी उघड्या वाटीत ठेवल्यास मुंग्या लागतात, शिवाय भुंगा त्यात बुडू शकतो. फळाचा तुकडा रोज बदलावा. कोषातून नुकताच निघालेला भुंगा काही दिवस काहीच खात नाही. त्याला जबरदस्तीने भरवू नये.