तारकागुच्छात डार्क मॅटर आणि गॅस किती, हे घरबसल्या कसं काढायचं

डार्क मॅटर, म्हणजे न दिसणारं पण गुरुत्वाने ओढणारं वस्तुमान, म्हटलं की लोकांना वाटतं जमिनीखालची प्रयोगशाळा, कोट्यवधींची यंत्रं, त्यात आपलं काय काम. पण अमुक एका तारकागुच्छात डार्क मॅटर आहे की नाही एवढाच प्रश्न असेल तर तो कॅल्क्युलेटरवर सुटतो, लॉगचं बटण असलेला मोबाईलमधला पण चालेल. एकाच गुच्छाचं वजन दोन वाटांनी काढायचं, एकदा त्याच्या उजेडावरून आणि एकदा ताऱ्यांच्या वेगावरून, आणि ताळा जुळतो का बघायचा. जुळला तर लपलेलं काही नाही, आणि वेगावरून आलेलं वजन फारच जास्त निघालं तर मात्र दाल में कुछ काला है. गॅसचा हिशोब वेगळा लागतो, तो शेवटी करू.

पायरी १: गुच्छ नीट निवडा

बहुतेकांना पहिल्यांदा कृत्तिका आठवतात, आणि तिथेच गडबड होते. फोटोत कृत्तिकांभोवती जो निळसर धूसरपणा दिसतो तो त्यांचा स्वतःचा नाहीये, हे तारे साधारण १० कोटी वर्षांपूर्वी जन्मले, जन्माच्या वेळचा गॅस कधीच उडून गेला, आत्ता ते वाटेत आलेल्या एका परक्या ढगातून चाललेत. खरा स्वतःच्या गॅसमध्ये बसलेला गुच्छ बघायचा असेल तर मृगाच्या बाणाच्या तीन ताऱ्यांखालचा तेजोमेघ बघा, साधारण १३५० प्रकाशवर्षं लांब, तिथे अजून तारे जन्मतायत. बायनॉक्युलरमधून मस्त दिसतो.

वजन काढायला मात्र हे दोन्ही नकोत. कृत्तिकांसारख्या खुल्या गुच्छांत ताऱ्यांचे आपापसातले वेग सेकंदाला एक किलोमीटरच्या आतबाहेर असतात, आणि एवढ्या छोट्या फरकात जोडताऱ्यांची स्वतःची गरगर सगळं बिघडवते. त्यापेक्षा गोलाकार तारकागुच्छ घ्या, लाखो तारे, १०-१२ अब्ज वर्षं जुने, वेग मोजण्यासारखे.

मी इथे ४७ टुकाने घेतोय. तो इतका दक्षिणेला आहे की पुण्या-मुंबईतून क्षितिजावर येतच नाही, पण आकडे सगळ्यात चांगले त्याचेच आहेत, आणि गॅसची गोष्ट पण त्याचीच आहे. डोळ्यांनी बघायचाच असेल तर नरतुरंगातला ओमेगा सेंटॉरी आपल्याकडून एप्रिल-मेमध्ये रात्री दक्षिणेला खाली दिसतो, पुण्यातून जास्तीत जास्त २४ अंश वर. शहराचा उजेड मागे टाकून जा.

पायरी २: आकडे गोळा करा

चार गोष्टी लागतात: गुच्छाची दृश्य प्रत (आपल्याला तो किती उजळ दिसतो त्याचा आकडा, जितका लहान तितका उजळ), अंतर, मधल्या धुळीने किती उजेड खाल्ला, आणि अर्धा उजेड ज्या वर्तुळात मावतो त्याची त्रिज्या. कॅनडातल्या मॅकमास्टर विद्यापीठातल्या विल्यम हॅरिस यांचा गोलाकार गुच्छांचा कॅटलॉग आहे, मूळ १९९६ चा, नंतर २०१० मध्ये सुधारलेला, साधी टेक्स्ट फाईल आहे आणि फुकट आहे. ४७ टुकानेसाठी प्रत ३.९५, अंतर ४५०० पार्सेक म्हणजे जवळपास १४,७०० प्रकाशवर्षं, धुळीमुळे घट ०.१२ प्रत, अर्धउजेड त्रिज्या ३.१७ कलामिनिटं (अंशाचा साठावा भाग म्हणजे एक कलामिनिट).

त्रिज्या पार्सेकमध्ये आणायला कलामिनिटांना ३४३८ ने भागा आणि अंतराने गुणा. उत्तर ४.१५ पार्सेक. हे बाजूला लिहून ठेवा, लागणारे.

पायरी ३: उजेडाचा हिशोब

दृश्य प्रतीतून अंतराचा आणि धुळीचा परिणाम काढून टाकायचा की निरपेक्ष प्रत, म्हणजे १० पार्सेकवरून दिसली असती ती प्रत, मिळते. अंतराला १० ने भागा (४५०), त्याचा लॉग घ्या (२.६५३), ५ ने गुणा (१३.२७). आता ३.९५ वजा १३.२७ वजा ०.१२, उत्तर उणे ९.४४. सूर्याची निरपेक्ष प्रत ४.८३, म्हणजे फरक १४.२७ प्रतींचा, त्याला ०.४ ने गुणून १० चा तेवढा घात केला की आलं ५ लाख १० हजार. म्हणजे हा गुच्छ पाच लाख सूर्यांइतका उजळ आहे.

धुळीची घट उणे करायची की अधिक यात नवीन माणूस हमखास अडकतो. डोक्यात एवढंच ठेवा की धूळ नसती तर गुच्छ जास्त उजळ दिसला असता, आणि उजळ म्हणजे प्रतीचा आकडा लहान.

पायरी ४: ताऱ्यांचे वेग

इथे खरी मेहनत आहे आणि खरी मजा पण. युरोपियन स्पेस एजन्सीचं गाया हे यान डिसेंबर २०१३ मध्ये वर गेलं, त्याची तिसरी मोठी डेटा फाईल जून २०२२ मध्ये आली, आणि ती कुणालाही उघडता येते. गुच्छाच्या जागेभोवतीचे तारे मागवा आणि प्रत्येकाची आकाशातली सरक, म्हणजे वर्षाला किती मिलीआर्कसेकंद (अंशाचा छत्तीस लाखावा भाग), एक्सेलमध्ये घ्या.

आता आलेख काढा, आडव्या अक्षावर पूर्व-पश्चिम सरक, उभ्यावर उत्तर-दक्षिण. तुम्हाला एक नाही, दोन ठिपक्यांचे घोस दिसतील. घाबरू नका. ४७ टुकानेच्या बरोबर मागच्या बाजूला, जवळपास दोन लाख प्रकाशवर्षांवर, लहान मॅगेलानिक मेघ ही शेजारची गॅलेक्सी आहे, तिचे तारे त्याच चौकटीत घुसतात. गुच्छाचा घोस पूर्वेकडे साधारण ५.२ आणि उत्तर-दक्षिणेत उणे २.५ च्या आसपास असतो, मॅगेलानिक मेघाचा त्याच्यापासून चांगलाच लांब. मागचा घोस सरळ डिलीट करा. हे केलं नाही तर सरकेचा पसारा भलताच मोठा येतो आणि तुम्हाला घरबसल्या डार्क मॅटर सापडल्याचा भास होतो, सोशल मीडियावरचे निम्मे शोध असेच लागलेले असतात असं माझं मत आहे.

अंधुक तारे पण काढून टाका, साधारण १६ व्या प्रतीपर्यंतचे ठेवा, कारण अंधुक ताऱ्यांच्या मोजमापातली चूकच वेगासारखी दिसायला लागते. अगदी गाभ्यातले पण नकोत, तिथे इतकी गर्दी आहे की गायालाही तारे वेगळे करणं जड जातं.

उरलेल्यांच्या सरकेचं स्टँडर्ड डेव्हिएशन, म्हणजे पसारा, काढा. ०.५ मिलीआर्कसेकंदाच्या आसपास येईल. त्याला हजार पार्सेकमधल्या अंतराने (४.५) आणि ४.७४ ने गुणलं की वेग किलोमीटर प्रतिसेकंदात मिळतो: १०.७. गाभ्याकडे थोडा जास्त, बाहेर थोडा कमी, आपण गोल १० धरू.

पायरी ५: वजन करा आणि ताळा बघा

वेगाचा वर्ग गुणिले त्रिज्या गुणिले ९३०, एवढंच सूत्र आहे. वेग किलोमीटर प्रतिसेकंदात, त्रिज्या पार्सेकमध्ये, उत्तर सूर्याच्या वस्तुमानात, आणि ते गुच्छाच्या आतल्या निम्म्या उजेडाच्या भागाचं. १०० गुणिले ४.१५ गुणिले ९३०, म्हणजे ३ लाख ८६ हजार. दुप्पट केलं की पूर्ण गुच्छ, ७ लाख ७० हजार सूर्य. बारकाईने मॉडेल बनवून काढलेला आकडा ९ लाखांच्या जवळपास जातो, तेव्हा पाच मिनिटांच्या हिशोबाला हे काही वाईट नाही.

आता ७ लाख ७० हजारांना उजेडाच्या ५ लाख १० हजारांनी भागा. दीड. मोठं मॉडेल घेतलं तर पावणेदोन. एवढ्या म्हाताऱ्या गुच्छात नुसते तारे आणि मेलेल्या ताऱ्यांचे उरलेले गाभे, म्हणजे विझत चाललेले श्वेतबटू आणि न्यूट्रॉन तारे, धरले तरी हे गुणोत्तर साधारण २ अपेक्षितच असतं. थोडक्यात जागा शिल्लकच नाही, डार्क मॅटर घालायचं कुठे?

पण हे तुलनेशिवाय कळत नाही, म्हणून कालेय तारकासमूहातली बटू गॅलेक्सी घ्या, जवळपास अडीच लाख प्रकाशवर्षं लांब. तिचा उजेड पावणेतीन लाख सूर्यांचा, ताऱ्यांच्या वेगाचा पसारा ९ किलोमीटर. म्हणजे उजेड त्याच घरातला, वेगही जवळजवळ तोच! फरक त्रिज्येत आहे, ४ च्या जागी २२० पार्सेक. ८१ गुणिले २२० गुणिले ९३० करा, १ कोटी ६६ लाख येतात, आणि त्या आतल्या भागाचा उजेड जेमतेम १ लाख ४० हजार. गुणोत्तर शंभराच्या वर. एवढ्या पसरलेल्या जागेत ताऱ्यांना ९ किलोमीटरने पळवून वर पकडून ठेवायचं तर न दिसणारं वजन पाहिजेच. म्हणूनच नुसता वेग बघून काही बोलू नये, त्रिज्या बघावी.

कुणी म्हणेल गुच्छाच्या मधल्या भागात नसेल, काठावर असेल. शंका रास्त आहे, १९८४ मध्ये जेम्स पीबल्स यांनी गोलाकार गुच्छ डार्क मॅटरच्या छोट्या प्रभामंडळात, म्हणजे भोवतीच्या गोल कवचात, जन्मले असावेत अशी कल्पना मांडली होतीच. ती तपासायची तर काठाकडे बघावं लागतं. पालोमर ५ नावाच्या गुच्छाच्या दोन्ही बाजूंना ताऱ्यांच्या लांबच लांब शेपट्या निघाल्यात, स्लोन या आकाश-सर्वेक्षणाच्या डेटात त्या २००१ मध्ये दिसल्या, आकाशगंगेने त्याचे तारे ओढून नेलेत. भोवती डार्क मॅटरचं जड कवच असतं तर तारे इतक्या सहज सुटले नसते. आणि जवळपास तीन लाख प्रकाशवर्षांवरचा एनजीसी २४१९, जिथे आकाशगंगेची ओढ कमकुवत आहे आणि कवच टिकायला हवं होतं, तिथेही काठाचे तारे तपासून २०११ मध्ये असंच निघालं की ताऱ्यांहून जास्त डार्क मॅटर तिथे नाही.

पायरी ६: गॅस शोधा

आता उलटा प्रश्न. गॅस असायला पाहिजे, तो का दिसत नाही? अपेक्षा मोजून बघा. ४७ टुकानेमध्ये साधारण लाख वर्षांत एक तारा म्हातारपणी फुगून आपली कात टाकतो, प्रत्येक जण सूर्याच्या ०.३ पट गॅस सोडतो. गुच्छ आकाशगंगेच्या तबकडीतून आरपार जातो तेव्हा हा गॅस पुसला जातो, दोन खेपांच्या मध्ये समजा ३ कोटी वर्षं गेली तर ३०० तारे, म्हणजे ९० सूर्यांइतका गॅस. मग दुर्बिणींनी बघितलं तर काहीच नाही.

तो सापडला पल्सारमुळे, म्हणजे गरगर फिरत रेडिओ स्पंद सोडणाऱ्या न्यूट्रॉन ताऱ्यांमुळे. पल्सारचा रेडिओ स्पंद वाटेतल्या मोकळ्या इलेक्ट्रॉनांमुळे खालच्या फ्रिक्वेन्सीला उशिरा पोचतो. ४७ टुकानेच्या पल्सारांसाठी वाटेतल्या इलेक्ट्रॉनांची बेरीज (घनसेंटिमीटरमागचे इलेक्ट्रॉन गुणिले वाटेचे पार्सेक) साधारण २४.४ येते, तिला ४.१५ ने गुणून गिगाहर्ट्झच्या वर्गाने भागलं की उशीर मिलीसेकंदात: १.४ गिगाहर्ट्झला ५२, ०.४ ला ६३३. यातला बहुतेक सगळा उशीर आकाशगंगेतल्या गॅसचा आहे, गुच्छाचा वाटा दशांशानंतर लपलाय.

तो वेगळा काढायची युक्ती मला फार आवडते. पल्सार खरं तर हळूहळू मंदावतात, पण काही पल्सार उलट वेगावताना दिसतात. म्हणजे गुच्छाचं गुरुत्व त्यांना आपल्या दिशेला ओढतंय, म्हणजेच ते गुच्छाच्या मागच्या अर्ध्यात आहेत. असे पुढचे आणि मागचे पल्सार वेगळे केले तर मागच्यांची इलेक्ट्रॉनांची बेरीज थोडी जास्त भरते. ती का, तर त्यांचा स्पंद गुच्छाच्या आतल्या गॅसमधून येतो. समजा फरक ०.३ आणि मधलं अंतर ४.५ पार्सेक, भागा, घनसेंटिमीटरला ०.०६७ इलेक्ट्रॉन. पाउलो फ्रेरे आणि सहकाऱ्यांनी ऑस्ट्रेलियातल्या पार्क्स दुर्बिणीच्या डेटावरून २००१ मध्ये हाच आकडा दिला, पुढे २०१८ मध्ये जास्त पल्सार आणि जास्त वर्षांचा डेटा घेऊन तो ०.२३ वर गेला. पहिल्या आकड्याने मधल्या अडीच पार्सेकच्या गोलात गॅस भरतो सूर्याच्या दहाव्या हिश्श्याएवढा. ९० कुठे आणि ०.१ कुठे.

बाकीचा गेला कुठे याचं सध्या सगळ्यात पटणारं उत्तर असं की नुकतेच जन्मलेले तापलेले श्वेतबटू अतिनील किरणांनी गॅस इतका तापवतात की तो गुच्छाबाहेर सांडतो, शिवाय आकाशगंगेच्या प्रभामंडळातल्या विरळ गॅसमधून पळताना उरलेला मागे खरवडला जातो. धुळीची तीच गत, एम १५ या गुच्छात २००६ मध्ये स्पिट्झर दुर्बिणीला धूळ सापडली ती सूर्याच्या हजाराव्या हिश्श्याहूनही कमी.

आपल्या जुन्नर तालुक्यातल्या खोडदची जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण, ४५ मीटरच्या ३० अँटेनांची, ४७ टुकानेपर्यंत वाकू शकत नाही, पण एनजीसी १८५१ या गुच्छातला पहिला पल्सार तिनेच पकडला, २००४ मध्ये. ५ मिलीसेकंदांत एक फेरी, आणि कक्षा भयंकर लांबट.

पायरी ७: ओमेगा सेंटॉरी तुम्ही करा

प्रत ३.६८, अंतर ५४०० पार्सेक, धुळीची घट ०.३७, त्रिज्या ५ कलामिनिटं, वेग १५ धरा. वजन ३३ लाखांच्या आसपास आणि गुणोत्तर २.८ च्या जवळ आलं तर हिशोब बरोबर. हे ४७ टुकानेहून जास्त आहे, पण कालेयच्या शंभराच्या जवळपासही नाही, आणि हा गुच्छ एखाद्या गिळलेल्या बटू गॅलेक्सीचा गाभा असावा असं मानतात. २०२४ मध्ये हबलच्या वीसेक वर्षांच्या फोटोंवरून त्याच्या मध्याजवळ सात अतिवेगवान तारे सापडले आणि त्यावरून किमान ८२०० सूर्यांचं कृष्णविवर तिथे असावं असं निघालं. ते धरून बसू नका, ८२०० ला ३३ लाखांनी भागा, पाव टक्का होतो, तुमच्या गुणोत्तराला त्याने धक्का पण लागत नाही.