रिट इंटरिम ऑर्डरवरच निकाली निघतंय? मग हे एक वाक्य लिहून घ्या

रिट (हायकोर्टातली याचिका) 5-6 वर्षं पडून असतं, इंटरिम ऑर्डर (निकाल लागेपर्यंतचा तात्पुरता, म्हणजे अंतरिम आदेश) आपल्या बाजूची असते, आणि एक दिवस मॅटर बोर्डावर (सुनावणीच्या यादीत) येतं, कोर्ट म्हणतं आता उरलंय काय, इंटरिम ऑर्डरच्या टर्म्समध्ये डिस्पोज ऑफ, म्हणजे त्या आदेशाप्रमाणेच याचिका निकाली. पक्षकार खूश होऊन घरी जातो आणि नेमका इथेच फसतो.

कारण अंतरिम आदेश याचिकेच्या जिवावर जगतो. याचिका संपली की तोही संपला, फायनल ऑर्डरमध्ये तसं स्पष्ट लिहिलं असेल तरच संरक्षण पुढे टिकतं.

जात पडताळणीचं बघा. कर्मचाऱ्याला इंटरिम मिळालेली असते की व्हॅलिडिटीचा (जातीचा दाखला वैध आहे का याचा) निर्णय होईपर्यंत नोकरीवरून काढू नका. पुढे कोर्ट म्हणतं जात पडताळणी समितीने 6 महिन्यांत निर्णय द्यावा, याचिका निकाली. आता त्या 6 महिन्यांचं काय? ऑर्डर गप्प असेल तर ऑफिस दुसऱ्या दिवशी पत्र काढू शकतं. म्हणून वकिलांना तिथेच उभं राहून मागायला सांगा: "समितीचा निर्णय होईपर्यंत, आणि तो विरोधात गेल्यास पुढे 4 आठवडे, अंतरिम संरक्षण चालू राहील." कोर्ट डिक्टेट करत असतानाच मागायचं, सही झाल्यावर नाही.

त्यासाठी तयारी आदल्या दिवशी करा. इंटरिम ऑर्डरची मूळ प्रत काढा, नंतर ती मॉडिफाय झालीय का बघा आणि प्रेयर क्लॉज (याचिकेतल्या मागण्या) शेजारी ठेवून वाचा, कारण बऱ्याचदा प्रेयर असतात चार आणि इंटरिम मिळालेली असते एकाचीच, मग बाकीच्या तीन निकालात वाहून जातात. थकबाकी, सिनिऑरिटी असलं काही मागितलं असेल तर "तो मुद्दा खुला ठेवला" एवढं तरी लिहून घ्या. मधल्या काळात ॲडमिशन झालं, डिग्री हातात आली, असं काही असेल तर छोटं ॲफिडेव्हिट करून कागद लावा, नुसतं तोंडी सांगून भागत नाही.

शब्दही नीट ऐका. "रूल ॲबसोल्यूट" म्हणजे मागणी मंजूर, "इन्फ्रक्चुअस" म्हणजे आता निर्णय द्यायला काही उरलंच नाही. दोन्ही एकच समजू नका, दुसऱ्यात तुमचा हक्क कोर्टाने ठरवलेलाच नसतो.

आणि हो, याचिका पेंडिंग असताना 6 महिन्यांनी स्टे आपोआप उठतो असं अजूनही कुणी सांगितलं तर ऐकू नका, सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने 29 फेब्रुवारी 2024 ला ते मोडीत काढलंय.

ऑर्डर साईटवर आली की त्याच दिवशी वाचा. तारीख, नाव, क्लॉजचा नंबर चुकला असेल तर "स्पीकिंग टू मिनिट्स" (ऑर्डर लिहिण्यातली चूक कोर्टाच्या नजरेस आणणं) करून दुरुस्ती होते. निर्णयच बदलून हवा असेल तर ते चालत नाही, तिथे रिव्ह्यू किंवा अपील. सर्टिफाईड कॉपीला लगेच अर्ज टाका, मिळाली की ऑफिसच्या आवक विभागात द्या आणि पोच घ्या, शिक्का आणि तारखेसह.